सासऱ्यांचं नाव

मलकापूरपासून वरुडापर्यंत सगळं वऱ्हाड पालथं घातलं, तरी पुस्तकातल्या राक्षसांना मनापासून भिऊन त्यांच्यामुळेच सज्जन झालेला माणूस एकच सापडेल, आणि तो माझ्या बायकोचा बाप आहे. इतरांना शहाणपण अनुभवातून येतं. आमच्या सासऱ्यांना ते तेल्हाऱ्याच्या वाचनालयातल्या उजवीकडच्या कपाटातून आलं. त्या कपाटात चेटकिणी, उडते घोडे, बोलके साप आणि सात दरवाजांचे किल्ले होते. सातवीत असताना त्यांनी ते उघडलं आणि आज पंचाहत्तरीतही ते बंद झालेलं नाही.

नोकरीत ते कापसाची प्रत ठरवणारे ग्रेडर होते. पेळूतून चार तंतू ओढून, अंगठा आणि बोटाच्या मध्ये धरून धाग्याची लांबी सांगायचे, आणि यंत्राने नंतर त्यांचंच ऐकायचं, असं ते स्वतः सांगतात. पुस्तकाची प्रतही ते तशीच ठरवतात. पानाचा कोपरा चिमटीत धरतात, डोळे मिटतात आणि निकाल देतात. एकदा मी मोठ्या हौसेने एक गाजलेली सामाजिक कादंबरी त्यांना नेऊन दिली. दोन दिवसांनी परत आली. “जवाईबापू, धागा आखूड हाये. वढला का तुटते. मानसं नुसती रडून राहिली. राक्षसाच्या गोष्टीचा धागा पाहा तुमी, मानूस बांधून ठेवते.”

आता वाचणारे पुष्कळ असतात. वाचलेलं पाळणारा हा एकच. पहिला नियम असा, की तीन पेट्या समोर आल्या तर सोन्याची घ्यायची नाही, चांदीची घ्यायची नाही, लाकडाची घ्यायची. या नियमाचा मी लाभार्थी आहे. माझ्या बायकोला, म्हणजे वर्षाला, तीन स्थळं आली होती. पहिलं मोर्शीचं, संत्र्याची एवढी बाग की म्हणे माकडंसुद्धा वाट चुकत. दुसरं पुण्याचं, चंदेरी गाडी. तिसरा मी, अमरावतीच्या एका शाळेत चित्रकलेचा मास्तर, आणि त्या दिवशी नेमकं शर्टाचं मधलं बटण तुटलेलं. त्यांनी मला पोटाच्या उघड्या भागापासून वरपर्यंत न्याहाळलं आणि आत जाऊन सांगितलं, “वर्षा, हे लाकडाची पेटी हाये. हेच घे.” वर्षाने घेतली. लग्नाला अठरा वर्षं झाली. पाहुण्यांसमोर ती अजून सांगते, “पेटी उघडून पाहिली मी. आतमधी पन लाकूडच निघालं.”

दुसरा नियम म्हाताऱ्यांचा. रस्त्यात भेटलेली कुठलीही म्हातारी वेषांतर केलेली मायावी बाई असू शकते, म्हणून तिचा शब्द मोडायचा नाही. परिणामी एसटीत बसलेले सासरे कोणीही पाहिलेले नाहीत. तेल्हाऱ्याहून अकोल्यापर्यंत ते उभेच जातात, कारण वऱ्हाडात म्हाताऱ्यांचा तुटवडा नाही. आमच्या साखरपुड्याच्या दिवशी अकोटच्या स्टँडवर त्यांनी एका बोरं विकणाऱ्या आजीपुढे हात जोडले. “माय, आज्ञा?” आजी म्हणाली, “आज्ञा कायची बापा? हे टोपलं उचल.” त्यांनी उचललं आणि तिच्या गावापर्यंत पोचवलं. इकडे साखरपुडा वधूपित्याविना झाला. आले तेव्हा धोतराच्या सोग्यात मूठभर बोरं होती आणि चेहऱ्यावर राज्य मिळाल्याचं समाधान.

पण या सगळ्यांच्या वरचा नियम नावाचा. कुठल्याशा पुस्तकात एका मांत्रिकाला माणसाचं खरं नाव कळतं आणि माणूस जन्माचा त्याच्या मुठीत जातो. तेव्हापासून सासऱ्यांनी आपलं नाव कोणाला सांगितलं नाही. गाव त्यांना ‘ग्रेडर साहेब’ म्हणतं. दारावर पाटी आहे, तिच्यावर ‘आत या’ एवढंच लिहिलंय. विजेचं बिल अजून त्यांच्या आजोबांच्या नावाने येतं. मतदान केंद्रावर ते यादीत बोट ठेवतात, उच्चार करत नाहीत. सही म्हणून कापसाचं उमललेलं बोंड काढतात, पाच पाकळ्यांचं, देठासकट. आमच्या लग्नपत्रिकेत नावाच्या जागी नुसतं ‘वधूपिता’ छापलं होतं. पाहुण्यांना ती छापखान्याची चूक वाटली. वर्षाच्या मार्कशीटवर मधलं नाव असणारच, म्हणून त्या कुलपात होत्या. सासूबाई तर सगळीकडे माहेरचंच नाव लावायच्या. नवऱ्याचं नाव लग्नात एकदाच, उखाण्यात, तेही त्यांच्या कानाशी घेतलं होतं. “बाकीच्या बायाईच्या नवऱ्याचं नाव साऱ्या गावाले ठाऊक,” त्या मला एकदा भाकरी थापता थापता म्हणाल्या, “माह्या नवऱ्याचं मले एकटीले.” हे सांगताना त्यांनी जरा जास्तच ताठ मान केली होती.

मग सासूबाईंच्या पोटात गाठ निघाली. अकोल्याच्या डॉक्टरांनी सांगितलं, उद्या नको, आजच काढू. सकाळी दहाला आम्ही सगळे थिएटरबाहेर. नर्सने संमतीचा कागद आणला. सासऱ्यांनी चष्मा लावला आणि सावकाश, देठासकट बोंड काढलं.

“काका, हे फूल नको. पूर्ण नाव लिहा. अक्षरात.”

“मी लिहितो,” मी पुढे झालो.

“पेशंटचे मिस्टर समोर आहेत ना? त्यांचंच पाहिजे. लवकर करा, डॉक्टर थांबलेत.”

वर्षा रडकुंडीला आली. “बाबा, लिहा ना! काहून थांबले?” सासऱ्यांच्या हातातला पेन कागदापासून बोटभर वरच थांबला होता. मी त्यांच्याकडे पाहिलं आणि मला पहिल्यांदा कळलं, की हा माणूस गंमत करत नव्हता. पंचावन्न वर्षांत एकदाही केली नव्हती.

“जवाईबापू,” ते हळूच म्हणाले, “आतमधी कोन बसून हाये ते तुमाले ठाऊक नाई. नाव देलं का आपन त्याच्या मुठीत.”

तेवढ्यात फरशी पुसत एक म्हातारी आली, दवाखान्यातलीच. सासऱ्यांनी सवयीने हात जोडले आणि विचारलं, “माय, नाव मांगून राहिले. देऊ का?”

तिने पोछा पिळला. थिएटरच्या दाराकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. “देऊन टाक बापा. नाव काय, पुन्हा ठेवता येते. पाय उचल.”

त्यांनी पाय उचलला आणि एका पायावर उभं राहून पूर्ण नाव लिहिलं. स्वतःचं, वडिलांचं, आडनाव. एवढ्या मोठ्या अक्षरात की खालची तारखेची जागा उरली नाही. आणि तेवढ्याने भागेना म्हणून बंद दाराकडे तोंड करून तेच नाव तीनदा मोठ्याने सांगितलं. “घ्या! लपवून काही ठेवलं नाई. आता तिले वापस द्या.”

नर्स म्हणाली, “काका, हळू, इथे पेशंट आहेत.” बाकावर भावासाठी बसलेले बाळापूरचे एक चाचा तेवढे म्हणाले, “नाम अच्छा है, भाई.”

दुपारी सासूबाई शुद्धीवर आल्या. पहिलं वाक्य त्यांनी सासऱ्यांनाच ऐकवलं. “भूल द्याच्या आधी आतमधी आयकू आलं मले. चाळीस वर्स म्या सांभाळलं, अन् तुमी अकोल्याले ओरडून सांगतलं.” आणि भिंतीकडे तोंड करून झोपल्या. दोन दिवस बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी चहा मागितला.

त्यानंतर त्या सहा वर्षं होत्या. मागच्या थंडीत गेल्या, घरीच, पुस्तक वाचणाऱ्या नवऱ्याच्या शेजारी. तेराव्यानंतर सासरे ओट्यावर बसले होते. मला वाटलं, आता मांत्रिकाला शिव्या देतील. ते म्हणाले, “एका नावात सहा वर्स भेटले, जवाईबापू. मांत्रिक इमानदार निघाला.”

आता ते नाव लपवत नाहीत. मोबाईलवर कर्ज घ्या म्हणणाऱ्या पोरींनासुद्धा पूर्ण सांगतात, वडिलांसकट, आणि जेवलीस का विचारतात. ज्या एकटीने ते जपलं तीच नाही, तर आता कोणासाठी लपवायचं, असं त्यांना वाटत असावं. मी विचारलं नाही.

वाचणाऱ्यांच्या ध्यानात आलं असेल, मी ते इथे लिहिलेलं नाही. सासूबाईंची मान तशी ताठ झालेली मी पाहिलेली आहे. आणि पेटी लाकडाची असली तरी तिचं झाकण घट्ट आहे.