अंबूबाईला सांगायचं होतं

आकाराम दरोडेखोराचं नुसतं नाव निघालं, तरी एके काळी कोल्हापुरातले दुकानदार फळ्या लावून घ्यायचे. तो मेला तुरुंगात. मागं राहिली बायको अंबूबाई. माहेरचं नाव लावून, पेठ बदलून ती लेकीसंगं राहू लागली. गंगावेशीच्या कट्ट्यावर म्हैस उभी करायची, गिऱ्हाइकासमोर धार काढायची, दूध विकायचं. नवऱ्याचं नाव तिनं पुन्हा तोंडातनं काढलं नाही.

दोन हजार सहा साली पुण्याचा शिवकुमार तिला हुडकत आला. गुन्हेगाराच्या घरच्यांवर त्याला छोटी फिल्म करायची होती, प्रायोगिक का काय म्हणतात तसली. अंबूबाई आधी खेकसलीच, "पावणं, चालू लागा!" पण मग तिचं कशात चित्त लागेना. आकारामानं दरोड्यात मारलेल्या पेट्रोल पंपावरच्या पोराची आई, तानाबाई, ह्याच गावात होती. तिच्या दारात जायची अंबूबाईची छाती झाली नव्हती. पिच्चरमधनं तरी सांगता येईल! तिनं होकार दिला. अट एकच, तोंड दिसता कामा नये. लेकीचं, शिवानीचं, राधानगरीकडं लग्न ठरलं होतं.

कॅमेऱ्यापुढं ती घडाघडा बोलली. "तानाबाई, तुझं पोरगं गेलं तवा माझ्याबी घरात चूल पेटली न्हाय. मला ठावं न्हवतं गं. माफ कर मला." आणि पदरात तोंड खुपसून रडली.

फिल्म दाखवायच्या दिवशी तिनं शिवकुमारला सांगून तानाबाईलाही बोलावून घेतलं. पडद्यावर आधी आकारामाचं नाव, मग अंबूबाईचे हात, पाय, धारेचा आवाज. तोंड कुठंच नाही. पण त्या शहाण्यानं म्हैस अख्खी दाखवली! अहो, कोल्हापुरात माणसाचं तोंड झाकून काय होतंय? इथं म्हशीवरनं मालक ओळखतात.

"आयला, ही तर अंबूबाईची वाकड्या शिंगाची!" कुणीतरी ओरडलं.

तरी अंबूबाई उठली नाही. तिचं बोलणं अजून यायचं होतं. ते आलंच नाही. दिवे लागले. तानाबाईनं तिच्याकडं एकवार बघितलं, तोंड फिरवलं आणि निघून गेली.

राधानगरीहून लग्न मोडल्याचा निरोप आला, त्याच दिवशी शिवकुमार पेढे घेऊन कट्ट्यावर हजर. फिल्मला बक्षीस मिळालं होतं.

"माझं बोलणं कुठं गेलं?" अंबूबाईनं विचारलं.

"काढून टाकलं, मावशी. मौन जास्त बोलतं."

"गप तर मी इतकी वर्सं बसलोच हुतो की रं," ती म्हणाली. "त्याला तुझा पिच्चर कशाला पायजे हुता?"