मास्तरचा बडग्या

पोळा आदल्या दिवशीच होऊन गेला होता. रात्रभर पाऊस पडून सकाळी उघडलं आणि ऊन असं निघालं की अंगाला सदरा चिकटावा. मिलच्या मैदानातली काळी माती चपलेच्या तळाला भाकरीएवढी जाड बसत होती. सेराफिन मास्तर मैदानावर चुन्याची रेघ मारत होता. दोरी ताणायची, खिळा ठोकायचा आणि भोकं पाडलेला पत्र्याचा डबा हलवत दोरीच्या कडेनं मागं मागं सरकायचं. एकट्याचं काम नव्हे ते. दुसरं टोक नेहमी रुपराव धरायचा. आज रुपराव नव्हता. दोरी ढिली पडत होती, रेघ बैल मुतल्यासारखी वाकडी येत होती आणि मास्तर पोर्तुगीजमधून शिव्या देत होता. शिव्या समजत नव्हत्या, पण राग आमच्या अख्ख्या वस्तीला समजत असे.

मास्तर मडगावचा. पोर्तुगीज राज्यात जन्मला, कोवळ्या वयात बोटीनं लिस्बनला गेला आणि तिथल्या दुसऱ्या फळीच्या एका फुटबॉल क्लबात डाव्या बगलेला खेळू लागला. चेंडू त्याच्या पायाला गोंदासारखा चिकटायचा म्हणे. मग उजवा गुडघा सुजला. कोच म्हणाला, आजचा सामना काढ. दुखणं मारायची सुई टोचली आणि उतरवला. त्या सामन्यानंतर सेराफिन धड कधी धावला नाही. तिथंच लहान पोरांना शिकवायला लागला, मग कंटाळून गावी आला. आणि वर्षभरात गोव्यातलं राज्यच गेलं. घर जागच्या जागी राहिलं, देश बदलला. त्यानंतर आमच्या मिलच्या कोण्या साहेबानं त्याला टीम शिकवायला नागपुरात आणलं. इतकी वर्षं काढली, भाषा आमची झाली, तर्रीही पचवली, तरी रागावला की म्हणायचा, ‘‘परदेशात येऊन सडून राहिलो मी!’’

त्या हंगामात टीम फायनलला पोचली होती. रुपराव आमचा सेंटर फॉरवर्ड. फायनलच्या आधी त्याचा गुडघा सुजला. मास्तरनं गुडघ्यावर अंगठा दाबून पाहिला आणि त्याला बाहेर बसवलं. रुपराव पाया पडला, मग भांडला, मग नुसता बसून राहिला. टीम हरली.

मास्तर रेघ मारत होता, एवढ्यात मैदानाचा चौकीदार धोंडबा धापा टाकत आला.

‘‘मास्तर, आज गावात जाऊ नका.’’

‘‘काहून?’’

‘‘मारबतीत तुमचा बडग्या निघाला.’’

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबत, म्हणजे बाईचा मोठा पुतळा, मिरवत निघते. गावाची इडापिडा ती आपल्यासोबत घेऊन जाते, म्हणून लोक ‘घेऊन जाय गे मारबत!’ अशी आरोळी देतात. तिच्यामागं बडगे, म्हणजे वर्षभर ज्याचा ज्याचा राग आला त्याचे पुतळे. महागाईचा, काळाबाजारवाल्याचा, कधी पुढाऱ्याचा. मिरवायचे, शिव्या द्यायच्या आणि शेवटी जाळायचे.

मास्तरनं डबा आदळला आणि लंगडतच निघाला.

इतवारीत मिरवणूक गाठली त्यानं. डफड्यांच्या गदारोळात बांबूवर त्याचाच पुतळा डुलत होता. पोटात भाताचं तणस, गळ्यात शिटी, पायात लाल मोजे, छातीवर पुठ्ठ्याची पाटी: ‘फायनल खाणारा पुर्तगाल’. डावा पाय वाकडा केलेला.

‘‘पाय चुकला, गाढवांनो!’’ मास्तर गर्दीत घुसून ओरडला. ‘‘उजवा लंगडा हाये माहा!’’

गर्दी खदखदून हसली. डफडं वाजवणारा नत्थू म्हणाला, ‘‘पुढल्या वर्षी दुरुस्त करू, मास्तर!’’

‘‘केला कोणं हा?’’

‘‘म्या.’’ बांबू धरलेला माणूस म्हणाला. रुपराव. गुडघ्याला हळदीचं फडकं. ‘‘तणस माह्या घरचं. चड्डी तुमचीच. माह्या मायकडं धुवाले देली होती, ते.’’

मास्तर त्याच्या अंगावर गेला. ‘‘तुह्या पायासाठी मी शिव्या खाल्ल्या, अन् तू मलेच जाळून राहिला?’’

‘‘माह्या पायासाठी?’’ रुपरावनं बांबू बाजूच्या भिंतीला टेकवला. ‘‘मास्तर, बदलीवाला हाओ मी. रोज सकाळी मिलच्या गेटवर उभा राहतो. कोणी आजारी पडलं तं मले काम, नाही तं घरी. लेबर ऑफिसर बोलला होता, कप आण, कायम करतो.’’

‘‘मले काहून नाही सांगतलं?’’

‘‘सांगतलं असतं तं खेळवलं असतं?’’

बाजूनं दुसरा बडग्या गेला, त्याचं डफडं गेलं.

‘‘नाही,’’ मास्तर म्हणाला. मग पँट वर सरकवून आपला वाकडा गुडघा दाखवत किंचाळला, ‘‘हे पाह्य! हे पाह्य! तुले असा करू का?’’

‘‘त्या गुडघ्यानं तुमाले नागपुरात नोकरी तं देली. माहा गुडघा वाचला. आता त्याले काय करू? चाटू?’’

कोणी हसलं नाही. मास्तरची नजर वर गेली. समोरच्या माडीच्या सज्जात लेबर ऑफिसर मधुकरराव पाहुण्यांना घेऊन मिरवणूक पाहत होते. पुतळ्याकडं बोट दाखवून हसत होते.

‘‘त्याचा बडग्या काहून नाही केला?’’ मास्तरनं विचारलं.

‘‘त्याच्या गेटवर उद्या उभं राहाचं हाये मले,’’ रुपराव खालच्या आवाजात म्हणाला.

मास्तर सज्जाखाली गेला. ‘‘ओ साहेब! पोराले कायम करतो म्हणाले होते. करा!’’

‘‘कप कुठं आहे?’’ मधुकरराव वरून हसतच म्हणाले. ‘‘पुढल्या वर्षी आणा, करू. आणि मास्तर, तुम्ही तरी कायम आहात असं कोण म्हणालं तुम्हाला?’’

पाहुणे हसले. मास्तर माघारी वळला. पुतळ्याच्या छातीवरची पाटी त्यानं ओरबाडून काढली, टराटरा फाडली आणि सज्जाकडं हात करून घशाच्या शिरा ताणून ओरडला, ‘‘या मधुकररावले घेऊन जाय गे मारबत!’’

दरवर्षी त्या आरोळीला हजार गळे साथ देतात. त्या दिवशी एकानंही दिली नाही. नत्थूनं डफडं खाली केलं. रुपरावनं पटकन बांबू उचलला, पाठ फिरवली आणि मान खाली घालून गर्दीत शिरला. मास्तरचा पुतळा, पाटीवाचून, पुढं डुलत गेला.

‘‘भित्रे!’’ मास्तर ओरडत राहिला. ‘‘माह्यावर बरा राग निघते तुमचा!’’

संध्याकाळी पुतळा जळाला, तेव्हा तो तिथं नव्हता. तो दुपारीच मैदानावर परतला होता. सकाळची वाकडी रेघ त्यानं चपलेनं घासून पुसली. धोंडबा काठी टेकून बघत होता.

‘‘बघून काय राहिला गा? धर टोक.’’

धोंडबानं दोरी धरली.

‘‘ताण! ढिली हाये. रुपराव ताणत होता तशी ताण!’’ मास्तर खेकसला आणि डबा हलवत मागं मागं सरकू लागला.