उजवीकडची शेवटची पाठ

कडावच्या नाक्यावर एस.टी.ची वाट बघत होतो, तेव्हा माझे वडील, आबा, माझ्या पत्र्याच्या ट्रंकेवर ठाण मांडून बसले होते. उठायला तयार नव्हते. येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होते, "नाटकवाला व्हायला चाललाय!" गाडी दिसली तसे नाइलाजानं उठले आणि त्यांनी अट घातली. "टीवीत तुजं तोंड दिसलं पायजे. पुढच्या लावणीपत्तोर नाय दिसलं, तं गुमान परत यायचं. चिखलात. कबूल?"

मी दरबारात मुजरा करावा तशी मान लववली.

मुंबईत कामं भराभर मिळाली. सगळी मागच्या गर्दीतली! हॉटेलात रिकाम्या कपातून चहा प्यायचा. शेजाऱ्याशी तावातावानं भांडायचं, पण आवाज न काढता. अनोळखी वरातींत नाचलो, परक्या मयतांना खांदा दिला. "ए चौकडीच्या शर्टवाल्या, हीरोला झाकू नकोस!" हेच माझं नाव. गावातले जे मोहोपाड्याला कारखान्यात गेले, त्यांना निदान छातीवर बिल्ला तरी होता.

वर्ष सरत आलं आणि एका मालिकेत नेमका लावणीचाच प्रसंग निघाला. स्टुडिओत पत्र्याच्या हौदात चिखल, भाताच्या रोपांऐवजी कांद्याची पात. आम्ही कॅमेऱ्याकडे पाठ करून रांगेत वाकलो. "लावत चला!" दिग्दर्शक ओरडले. बाकीचे एक्स्ट्रा लावत लावत पुढे निघाले. माझे पाय कडावचे, ते सवयीनं मागे सरकू लागले. त्यांच्या पाठी लहान होत गेल्या आणि माझी मोठी मोठी होत पार कॅमेऱ्याला भिडली. पुन्हा घ्यायचं, तर पात संपलेली. तोच शॉट राहिला.

तो भाग लागायचा त्या संध्याकाळी मी ट्रंकेसकट गावी आलो. नाक्यावरच्या वाण्याकडे टीव्हीसमोर अख्खी आळी बसलेली. "कुठं हाय रं तू?" आई विचारत होती. ट्रंक आता कायमची घरीच राहणार, हे मला डोळ्यांपुढे दिसत होतं.

एकदम आबा ओरडले, "त्यो बग, उजवीकडचा! मागं सरतोय त्यो आपला! बाकीची बग गं, लावलेलं तुडवत चाललीत, मुडदे!"

"पन आबा, तोंड कुठं दिसतंय?" वाण्यानं काडी टाकलीच.

आबा पडद्याकडे बघतच म्हणाले, "तोंडाचं काय घेऊन बसलास? ती पाठ माज्या बापाची हाय."

दुसऱ्या दिवशी ट्रंक त्यांनी स्वतः मुंबईच्या एस.टी.च्या टपावर चढवून दिली.

आता टीव्ही रंगीत झाला. माझं तोंडही दोन-चारदा दिसलं. मुंबईत शेजाऱ्यानंसुद्धा ओळखलं नाही. कडावला मात्र मी एस.टी.तून मुद्दाम पाठमोरा उतरतो, आणि कुणी हाक मारल्याशिवाय वळत नाही. फार वेळ उभं राहावं लागत नाही.