ब्रुक्स रेंजची मृणाल

मृणाल पानात भाताचा ढीग करायची, त्याच्या माथ्यावर वरण ओतायची आणि जेवायचं सोडून ते कुठून कुठं ओघळतं ते बघत बसायची. "पाणी कुठं जाते ते बघ बे, डोंगर आपोआप समजतो," हे तिचं ठरलेलं वाक्य. तोवर आमचं सगळ्यांचं वरण निवलेलं असायचं.

पेनसिल्व्हेनियातल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावात ती आम्हा रूममेट्सच्या वरच्या मजल्यावर राहायची आणि रविवारी आमच्याकडे जेवायला यायची. मी पुण्याचा, कॉम्प्युटर सायन्सवाला; ती नागपूरची, भूशास्त्रात पीएचडी करणारी. अभ्यासाला तिनं निवडली होती अलास्काच्या पार उत्तरेची ब्रुक्स रेंज, आर्क्टिक वृत्ताच्याही वरची. "नागपूरला चढ म्हणजे फ्लायओव्हर," ती सांगायची, "म्हणून मला डोंगरांची इतकी हाव."

त्या उन्हाळ्यात तिला तिथं सामान उचलायला कुणीतरी हवं होतं. मी लगेच हात वर केला. सिंहगड, राजगड पायाखाली घातलेला माणूस मी, असं मीच सगळ्यांना सांगत सुटलो. खरं कारण वेगळं होतं. मला तिला लग्नाचं विचारायचं होतं, आणि कॅम्पसच्या बसमध्ये ते तोंडातून निघत नव्हतं.

छोट्या विमानानं आम्हाला नदीकाठच्या गोट्यांवर उतरवलं आणि ते निघून गेलं. ना वाट, ना झाड. जमिनीवर गवताचे डोक्याएवढे गड्डे. वर पाय ठेवला तर डुलायचे, मधे ठेवला तर बूट पाण्यात. हवा इतकी स्वच्छ की समोरचा सुळका चहा पिऊन परत येण्याइतका जवळ वाटायचा आणि दिवसभर चालूनही तेवढाच लांब राहायचा. सह्याद्रीतल्या पराक्रमांचा विषय मी दुपारीच बंद केला. डासांनी माझा एक डोळा बंद केला. मृणाल पुढं दगड फोडत, मोठमोठ्यानं गात चालली होती.

"अस्वलांना समजलं पाहिजे ना, आपण येऊन राहिलो ते. तू पण गा."

मी गायलो.

"बस बस. अस्वल राहू दे, मीच पळून जाईन."

शेवटी एकदाचे आम्ही एका उंच धारेवर पोचलो. या पर्वतात एक मुख्य धार आहे. तिच्या उत्तरेचं पाणी आर्क्टिक समुद्राला मिळतं, दक्षिणेचं यूकॉन नदीला. तिथंच उभं राहून विचारायचं, असं मी पेनसिल्व्हेनियापासून घोकत आलो होतो.

"मृणाल," मी म्हणालो, "इकडचं पाणी उत्तरेला, तिकडचं दक्षिणेला. पण आपण दोघं..."

"थांब. ही ती धार नाहीच. ती पुढची. इथलं दोन्हीकडचं पाणी उत्तरेलाच जाते."

"मग तर उत्तमच. आपणही एकत्रच जाऊ. लग्न करशील माझ्याशी?"

हसता हसता ती खालीच बसली. मग हसू थांबलं.

"करीन," ती म्हणाली. "आवडतोस तू मला. पण पीएचडीनंतर मी अलास्कातच राहणार आहे. हिवाळ्यात दुपारीच अंधार, देशी दुकान नाही, तुझ्यासारखे जॉब्स नाहीत. राहशील? विचार करून सांग. हीरोगिरी नको."

मी विचार केला. इतका प्रामाणिक विचार मी जन्मात केला नसेल.

"नाही यार," मी म्हणालो. "मला नाही जमणार."

"बरं झालं खरं बोललास," ती म्हणाली आणि चिवड्याचा डबा माझ्यापुढं केला.

आता ती अलास्कातच, फेअरबँक्सला शिकवते आणि मी खाली बेलव्ह्यू शहरात, सॉफ्टवेअर कंपनीत खुर्ची झिजवतो. मी दिलेलं उत्तर बरोबरच होतं. तरी तिच्याइतकं कुणी मला पुन्हा आवडलं नाही, हेही तितकंच खरं.

त्या उन्हाळ्यात विमान मला न्यायला आलं तेव्हा त्यातून तिचे प्रोफेसर उतरले आणि ती त्यांच्याबरोबर मागं राहिली. वरून सगळ्या धारा सारख्याच दिसत होत्या. ती कुठल्या डोंगराखाली उभी असेल ते मी शोधत राहिलो. मला ते ओळखता आलं नाही.

"यू ओके?" पायलटनं माझ्याकडे बघून विचारलं.

"मॉस्किटोज," मी डोळे पुसत म्हणालो.

विमानात एकही डास नव्हता.