छावणीत गेलेली चांदीची डबी

लातूर आता जिल्हा झालंय, पण मी सांगतेय ते निजामाचं राज्य नुकतंच गेलं तेव्हाचं. गावात फौज उतरली होती. दिवसभर संचारबंदी, सकाळी थोडी सुटका. तेवढ्यात पाणी भरायचं, भाजी आणायची अन् दार लावून बसायचं.

आमची विधवा आत्या आडावर निघाली, तर चौकात शिपायानं अडवलं. गळ्यातली चांदीची डबी उघड म्हणाला. आता त्यात इष्टलिंग! आम्ही लिंगायत, ते परक्याला दाखवत नसतात. ही बाई डबी मुठीत आवळून उभी. झालं, त्याला वहीम आला. त्यानं दोराच तोडला आणि डबी छावणीत गेली.

लिंगपूजा झाल्याशिवाय आत्या पाण्याचा थेंब घेत नसे. त्या दिवशी घेतला नाही, दुसऱ्या दिवशीही नाही. आईनं पाया पडून पाहिलं. "घशाखाली उतरायचं न्हाई वहिनी," एवढंच. वडिलांना छावणीच्या फाटकावरून हाकलून दिलं. मला तर आत्याचा असा राग आला! "मरायला निघालीस का गं?" म्हणून ओरडले, अन् तिच्याच मांडीवर डोकं ठेवून रडले.

तिसऱ्या दिवशी शेजारच्या मुसलमान घरातली खाला डबी घेऊन आली. तिच्या नवऱ्याला फौजेनं रझाकार समजून धरून नेलं होतं. जिवंत आहे की नाही, तेही ठाऊक नव्हतं. त्याची विचारपूस करायला ती रोज छावणीसमोर रांगेत उभी राही. आमच्या घरातलं सगळं तिला भिंतीपलीकडून ऐकू गेलं होतं. ओढणीत गुंडाळलेली डबी तिनं हात न लावता आत्याच्या ओंजळीत सोडली. आत्यानं विभूती लावली, पूजा केली, तीर्थ घेतलं. ओठ इतके फुटले होते की पाणी हनुवटीवर ओघळलं.

"म्हणजे आज नंबर लागला की तुमचा!" आई हरखली. "मालकांचं काय कळलं?"

"साहेब एका बाईचं एकच ऐकतो, भाबी. मी डबीचं सांगितलं. ह्या मरून चालल्या होत्या ना."



दुसऱ्या दिवशी सकाळी संचारबंदी सुटताच आत्या खालाच्या पाठोपाठ रांगेत जाऊन उभी राहिली. मी तिचा हात धरून होते. कपाळ बघून शिपायानं खालाच्या आधी आत्यालाच आत बोलावलं.

"तुझं काय?" साहेबानं विचारलं.

आत्यानं खालाच्या नवऱ्याचं नाव घेतलं. कपाळावर विभूतीचे पट्टे तसेच.

"माझा भाऊ हाय," ती म्हणाली. "कुठं ठेवलाय त्याला?"