पाच मिनिटं नुसतं बघा

आमची फिल्म अजून अर्धीच आहे, पण ती करताना जमलेले किस्से तिच्यापेक्षा लांब झालेत. कल्पना साधी. नळदुर्गातला एक माणूस, समोर स्थिर कॅमेरा, पाच मिनिटं. बोलायचं नाही, नजर हटवायची नाही. कॅमेरा माझ्या मैत्रिणीचा, रेहानाचा, हट्ट माझा. विचारल्याशिवाय कुणालाच टिपायचं नाही, हा नियमही माझाच. पूर्ण पाच मिनिटं टिकलेला एक तरी चेहरा मिळाला नाही, तर फिल्मच नाही!

•

पहिले माझे थोरले मामा. आहात तसे बसा म्हटलं, तर आत जाऊन फेटा बांधून आले. मागच्या भिंतीवर स्वतःच्या सत्काराचा फोटो टांगून घेतला. दुसऱ्याच मिनिटाला विचारलं, "भाषण कधी करायचं मग?"

•

हायवेवरचा ढाबेवाला तयारीचा निघाला. चार मिनिटं पापणी हलली नाही. तेवढ्यात बाहेर ट्रक थांबला आणि गडी लेन्सवरची नजर न काढता गरजला, "दोन शेवभाजी, एक हाफ राइस!"

•

स्टँडसमोरच्या कट्ट्यावर कॉलेज सुटायच्या वेळी चौघे बसतात. आम्हाला रोज बघतात, म्हणून त्यांनाही रीतसर विचारलं. हसत हो म्हणाले. दीड मिनिटात एकाला फोन आला, दुसऱ्याला चप्पल शिवून घ्यायचं आठवलं, उरलेले दोघे त्याच्यामागं गेले.

संध्याकाळपर्यंत मामांकडं तक्रार, आणि मामा माझ्याकडं. "पोरीच्या जातीनं असं टक लावून बघतेत व्हय?"

ते रोज बघतात त्याचं काय, मी विचारलं.

"ते नुसते बसलेले असतेत."

मी त्यांच्याकडं बघत राहिले. मामांनी चहा मागितला.

•

शेवटची आशा रेहानाची आई, मी त्यांना खाला म्हणते. खाला शिवणकाम करतात. टेप न लावता, नुसतं बघून ब्लाउज बेततात. त्या तीनदा नाही म्हणाल्या. चौथ्यांदा म्हणाल्या, आधी तू बस.

मी बसले. त्या कॅमेऱ्यामागं उभ्या राहिल्या आणि गिऱ्हाइकाकडं बघतात तशा बघू लागल्या. दुसऱ्या मिनिटाला मी ओढणी सारखी केली. तिसऱ्याला उगाच हसले. चौथ्याला डोळ्यांत पाणी आलं, कशानं ते कळलं नाही. मी उठले.

खालांनी रेहानाला माझी चार मिनिटं टिपलेलं कार्ड कॅमेऱ्यातून काढायला लावलं आणि सुयांच्या डबीत ठेवून झाकण लावलं.

"आता तुम्ही बसाल ना, खाला?"

"बसते की, बेटा. पण तुझं हे कुणाकुणाला दाखवायचं, ते आधी मला ठरवू दे."