आंबुशीसह ओटा

आमच्या चाळीत पेपर वाचायचा नसे, ऐकायचा असे. वाचायचं काम माझ्याकडे होतं. पहिली पाळी सुटून माणसं घरी आली, चहा झाला, की लालबागच्या आमच्या चाळीमागच्या अंगणात पुरुष जमत. बायका वरच्या कठड्याला रेलून उभ्या राहत. मी साबणाच्या रिकाम्या खोक्यावर चढून मोर्चा कुठून निघाला, कोणाकोणाला पकडलं, दिल्लीत काय शिजतंय ते मोठ्यानं वाचत असे. संयुक्त महाराष्ट्राची ती वर्षं, घराघरात दुसरा विषय नव्हता. माझे वडील गिरणीत साचेखात्यात होते, म्हणजे मागांवर. साच्यांच्या खडखडाटानं त्यांना कमी ऐकू येई. त्यांच्यापर्यंत पोचेल असं वाचलं की ते अख्ख्या चाळीपर्यंत पोचे. पुढे लोकांनी माझ्या आवाजाची तारीफ केली, ती सगळी त्या साच्यांची कमाई.

त्याच दिवसांत मी बी.एस्सी. झाले, प्राणिशास्त्र घेऊन. घरात माझ्याआधी कुणी मॅट्रिकसुद्धा झालं नव्हतं. हे मिरवायला सांगत नाही असं लिहिणार होते, पण मिरवायलाच सांगतेय. त्यात लाजायचं काय?

अंगण म्हणजे चाळीची मागची भिंत आणि गिरणीची उंच भिंत यांच्यामधली लांबट पट्टी. एका टोकाला नळ आणि धुण्याचा दगड, दुसऱ्या टोकाला संडास, मध्ये उन्हाचा तुकडा. धुण्याचं पाणी त्या उन्हातल्या मातीवर पसरायचं, म्हणून तिथे बारा महिने आंबुशी माजलेली असे. पत्त्यांतल्या बदामासारखी तीन-तीन पानं, बारीक पिवळी फुलं, पान चावलं की जीभ आंबट. आई तिची डाळ घालून भाजी करायची. आणि त्या आंबुशीवर निळी फुलपाखरं. नखाएवढी. उडताना फिकट निळी. पंख मिटून बसली की राखाडी, ठिपक्याठिपक्यांची, शोधूनही सापडत नसत. वीत-दोन वितींच्या वर कधी उडायची नाहीत.

ही पाखरं नीळ पिऊन निळी होतात, असं आईचं आणि चाळीतल्या तमाम बायकांचं ठाम मत. पांढऱ्या कपड्यांना नीळ दिली की उरलेलं पाणी तिथेच ओतलं जाई, आणि त्या ओल्या मातीवर पाखरं सोंड लावून बसत. डोळ्यांसमोर पितायत, आणखी पुरावा कशाला हवा? आई तर म्हणे, "अगो, ह्या खेपेक नीळ हलकी इली. बघ, पाखरां पण फिकी दिसतत."

मी हसायची. पण त्या पट्टीत किती काय चाललंय हे मला कॉलेजात गेल्यावरच दिसायला लागलं. आंबुशीच्या पानाखाली खसखशीहून बारीक अंडं. त्यातून निघणारी हिरवी, चपटी अळी. अळीच्या पाठीवरून गोड थेंब निघतो, तो चाटायला मुंग्या येतात, आणि मुंग्या भोवती असल्या की दुसरा किडा अळीच्या वाटेला जात नाही. हे मी एकदा पेपर संपल्यावर सांगितलं, तर आमचे काका म्हणाले, "म्हणजे चहा पाजून राबवून घेणारा मुकादमच की गो हा!"

काका म्हणजे आमच्या शेजारच्या खोलीतले. सूत कातायच्या रिंगखात्यात कामाला, मोर्च्यात सर्वांत पुढे, एकदा तुरुंगात जाऊन आलेले. त्यांनी घोषणा दिली की कौलांवरची कबुतरं उडत.

कॉलेजच्या अभ्यासासाठी मी मैत्रिणीबरोबर अँटॉप हिलच्या उतारावर जायची. तिथल्या गवतात हीच पाखरं ढिगानं होती. पुढच्या मोसमात गेलो तर उतारावर घरांच्या पायाचे चर खणलेले. घरं व्हायलाच हवीत, माणसांनी काय झाडावर राहायचं? पण गवताचा एक कोपराही कुणी सोडला नव्हता, आणि आम्ही दिवसभर हिंडून एकही निळा पंख पाहिला नाही. हे पाखरू लांब उडत नाही. त्याचं झाड गेलं की तेही गेलं. ते मी वाचलेलं होतं. त्या दिवशी पाहिलं.

माझा निकाल लागला त्या आठवड्यात चाळीनं पेढे वाटले, आणि काकांनी अंगणात जाहीर केलं, "आपली ग्रॅज्युएट खोक्यावर उभी राहून पेपर वाचते, शोभतं काय आपल्याला? तिच्यासाठी ओटा बांधायचा. पक्का. सिमेंटचा." माणसांनी टाळ्या वाजवल्या. वडिलांना उशिरा कळलं, म्हणून त्यांनी एकट्यानं नंतर वाजवल्या. रविवारी विटा आल्या, आणि काकांनी चुन्याची फक्की घेऊन चौकोन आखला. बरोब्बर उन्हाच्या तुकड्यावर. आंबुशीच्या छाताडावर.

गिरणीतल्या माणसांनी एका मुलीसाठी ओटा बांधायचा, असं आमच्या गल्लीत कधी झालं नव्हतं. आणि तो मला नको होता.

"काका, इथं नको."

"मग कुठं? गव्हर्नरच्या बंगल्यात?"

"इथं निळ्या पाखरांची अंडी आहेत."

वडिलांनी शेजारच्याला विचारलं, "कसली अंडी?"

"पाखरांची!"

"कोंबडीची?"

"फुलपाखरांची हो, फुलपाखरांची!"

वडिलांनी माझ्याकडे पाहिलं, मग विटांकडे. वरून एक काकू ओरडल्या, "एवढं शिकवली ती गवत राखायला? ओटा झाला की पावसात पाय तरी बरबटायचे नाहीत!"

काका चिडले नाहीत, ते त्याहून वाईट. हातातली फक्की खाली ठेवून म्हणाले, "आम्ही प्रेमानं देतोय पोरी."

"प्रेमानं देताय म्हणूनच मागते. काका, 'मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र' म्हणताना तुमचा जोर कशावर असतो?"

"'सह'वर."

"आणि कुणी 'सह' गाळलं तर?"

"गाळून तर बघ म्हणावं, तंगडं मोडीन."

"मग मला ओटा आंबुशीसह पाहिजे. आंबुशी गाळून नको."

कठड्यावरून कुणीतरी गळा फाडून ओरडलं, "आंबुशीसह ओटा झालाच पाहिजे!" आणि सगळं अंगण हसत सुटलं. काकाही हसले, पण मान हलवून. त्यांनी हात वर करून बायकांना विचारलं, "धुणं तुमचं, अंगण तुमचं. तुम्ही बोला."

आईनं ताबडतोब निकाल दिला, "ओटो बांधलास तर नीळ सिमेंटार जातली. पाखरां काय पितली?" बायकांनी माना डोलावल्या. खरंच की, काय पितील बिचारी? पलीकडच्या चाळीतल्या एक मावशी पेपर ऐकायला येत. त्यांचं घर नुकतंच बौद्ध झालं होतं. त्या म्हणाल्या, "निळं आहे ना ते पाखरू? मग ते आमचं. आमचं मत पोरीला."

मी जिंकले होते. तोंड बंद ठेवलं असतं तर विटा त्याच दिवशी हलल्या असत्या. पण प्राणिशास्त्र शिकून मी चुकीच्या कारणानं जिंकायचं? मला ते जमेना.

"आई, नीळ पिऊन ती निळी होत नाहीत. त्यांच्या पंखांवर धुळीसारखे बारीक खवले असतात, त्यांच्यावर उजेड पडला की रंग दिसतो. ती तिथं पाण्यासाठी बसतात. साबण, सोडा, नीळ जास्त झाली तर उलट आंबुशी जळेल, आणि आंबुशी गेली की पाखरू गेलं."

"म्हणजे इतकी वर्षं आम्ही विष ओतत होतो?" काकू म्हणाल्या. "पाणी चांगलं आहे हो," मी म्हटलं, "फक्त साबणाचं आणि निळीचं गटारात टाका. मधलं, खळबळल्याचं, ते आंबुशीला द्या."

"टाकूया गटारात," आई म्हणाली. "पण आवशीचा आयक. पाखरां पांढरी होतली."

काकांनी चटकन ते उचललं. "ठरलं! नीळ बंद. नवीन पाखरं निळी निघाली तर ओटा दुसरीकडे. फिकी निघाली तर ओटा इथंच, आणि तू कुरकूर न करता त्यावर उभी राहायचं. कबूल?"

"कबूल," मी म्हटलं. पुस्तकाबद्दल मला शंका नव्हती. आंबुशीबद्दल होती. एखाद्यानं सोड्याची बादली उलटली की संपलं.

पण कुणी उलटली नाही. ज्यांना पाखरं पांढरी व्हावीशी वाटत होती त्या बायकाच सर्वांत कडक. नीळ गटारात गेली पाहिजे, नाहीतर पैज खोटी. धुण्याच्या दगडापाशी एकमेकींवर पहारा सुरू झाला. मुंग्या दिसल्या की हळद टाकणाऱ्या काकू आता म्हणायच्या, "राहू देत, मुकादमाची माणसं आहेत." मी रोज सकाळी पानं उलटून बघे, अळ्या होत्या, मग कोश झाले, मग कोश रिकामे दिसू लागले.

आणि एका सकाळी आईनं मला हाक मारली ती जिंकलेल्या माणसाची हाक होती. आंबुशीवर ताजं पाखरू पंख उघडून बसलं होतं. काळपट तपकिरी. निळ्याचा मागमूस नाही.

"बघ! नीळ बंद केली, रंग गेलो!"

चाळ गोळा झाली. मी म्हटलं, "ही मादी आहे. माद्या अशाच तपकिरी असतात. निळा असतो तो नर."

"आता बायकांवर ढकल," काका म्हणाले, आणि वरून पाच-सहा जणी त्यांच्यावरच तुटून पडल्या. वडील म्हणाले, "नराची वाट बघा की. पोरगी म्हणते ना?" सगळं त्यांना बरोबर ऐकू गेलं होतं, याचंच मला नवल वाटलं.

वाट फार बघावी लागली नाही. ऊन वर आलं तसं कुठूनतरी एक निघालं आणि त्या तपकिरी मादीभोवती भिरभिरायला लागलं. निळं. धुतल्या आभाळासारखं निळं. मग आणखी एक. वडिलांनी या खेपेला सर्वांच्या आधी टाळी वाजवली. काका बराच वेळ उकिडवे बसून बघत राहिले आणि आईला म्हणाले, "वहिनी, गेली पैज."

आई हरली असं तुम्हाला वाटेल. ती शांतपणे म्हणाली, "खंयची गेली? आवशीन पिलेली नीळ ती. पोरांत उतारतलीच."

यावर माझ्याकडे शास्त्रीय उत्तर होतं. ते मी दिलंही. तिनं ते पूर्ण ऐकलं आणि आंबुशीची भाजी निवडायला बसली. काठाकाठानं खुडत होती, मधलं जाळं सोडून.

ओटा शेवटी दुसऱ्या टोकाला झाला, संडासाच्या भिंतीला लागून. तेवढीच जागा मोकळी होती. चांगला ऐसपैस, गुळगुळीत ओटा. पहिल्या संध्याकाळी मी त्यावर चढले तेव्हा वारा नेमका तिकडूनच येत होता. समोर सगळे नाकाला धोतराचं टोक, पदर, टोपी, मिळेल ते लावून बसले होते. वाचणारीला तीही सोय नाही. मी पहिली बातमी वाचली, दुसरी वाचली. मागचा एक गिरणीवाला उठून हळूच आंबुशीकडे सरकला, तसे काका गरजले, "ए, पाय उचल! अंडी आहेत तिथं. वास येतो तर तोंडानं श्वास घे. तिला बघ, वाचतेय की नाही?"

तो परत येऊन बसला. मी तिसरी बातमी घेतली.